हुद्दा आणि काम : व्यवसायांच्या वर्गीकरणाचा उपयोग

शालान्त परीक्षेचा निकाल लागला कीं शहरांतील सुशिक्षित कुटुंबांत एका प्रश्नाची चर्चा सुरू होते : मुलानें अगर मुलीनें पुढें काय व्हावें ? या चर्चेंत आईवडील, काका, मामा आणि शेजारचे निवृत्त गृहस्थ असे सर्वजण मोठ्या आस्थेनें भाग घेतात. परंतु ती कान देऊन ऐकली तर असें आढळतें कीं, चर्चा कितीहि लांबली तरी तींत येणारीं व्यवसायांचीं नांवें दहा-बारांच्या पलीकडे क्वचितच जातात. डॉक्टर, इंजिनियर, वकील, प्राध्यापक, बँकेंतील अधिकारी, संगणकावर काम करणारा, सरकारी नोकर. येथें यादी संपते. भारत सरकारनें २०१५ सालीं तयार केलेल्या राष्ट्रीय व्यवसाय-वर्गीकरणांत सुमारें ३,६०० व्यवसायांची नोंद आहे. ज्या पेठेंत इतका माल मांडलेला आहे, तेथून दहा-बारा जिनसा पाहून परतणाऱ्या गिऱ्हाइकाला कोणी चोखंदळ म्हणणार नाहीं. आणि येथें तर प्रश्न एखाद्या वस्तूच्या खरेदीचा नसून मुलाच्या आयुष्यांतील तीस-पस्तीस वर्षांचा असतो.

नांवें थोडीं माहीत असणें ही उणीव भरून काढण्यासारखी आहे. त्याहून अवघड उणीव दुसरीच आहे. जीं नांवें माहीत असतात त्यांच्या मागचें काम माहीत नसतें. ‘अकौंटंट’ हा शब्द घ्या. पेढीवर बसून रोजच्या बिलांच्या नोंदी करणाऱ्या माणसाला लोक अकौंटंट म्हणतात. दुसऱ्या कचेरींत सगळ्या खात्यांचा मेळ घालून ताळेबंदाची तयारी करून देणारा मनुष्य असतो. त्यालाहि अकौंटंटच म्हणतात. आणि हिशेब कोणत्या पद्धतीनें ठेवावयाचे तें ठरविणारा, तपासणी करणारा, कराविषयीं सल्ला देणारा सनदी तज्ज्ञ, तोहि अकौंटंटच. आंतरराष्ट्रीय मजूर संघटनेच्या २००८ सालच्या वर्गीकरणांत या तिघांना तीन निरनिराळे क्रमांक आहेत : पहिल्याला ४३११, दुसऱ्याला ३३१३ आणि तिसऱ्याला २४११. पाटी एकच, पण कामें तीन. त्यांना लागणारें शिक्षण वेगळें, त्यांची जबाबदारी वेगळी आणि एकावरून दुसऱ्यावर जाण्याची वाटहि वेगळी. “माझ्या मुलाला अकौंटंट व्हावयाचें आहे” असें म्हणणाऱ्या पित्याच्या मनांत या तिघांपैकीं कोण आहे, हें पुष्कळदां त्याचें त्यालाच सांगतां येत नाहीं.

व्यवसायांच्या वर्गीकरणाचें मुख्य प्रयोजन हेंच होय. हुद्द्याचें नांव बाजूला सारून मनुष्य प्रत्यक्षांत काय करतो, तें विचारावयाचें. सारख्या कामांना एकत्र आणावयाचें. आणि त्या प्रत्येक समूहाला एक क्रमांक द्यावयाचा. आंतरराष्ट्रीय वर्गीकरणांत क्रमांक चार आंकड्यांचा असतो व त्यांतील प्रत्येक आंकडा कांहीं सांगतो. पहिला आंकडा मोठा गट दाखवितो. असे गट दहा आहेत. १ मध्यें व्यवस्थापक, २ मध्यें उच्च शिक्षणावर आधारलेले व्यवसाय, ३ मध्यें तंत्रज्ञ व त्यांच्या जोडीचे साहाय्यक व्यावसायिक, ४ मध्यें कारकुनी कामें, ५ मध्यें सेवा व विक्री, ६ मध्यें शेती, वन आणि मच्छीमारीचीं कुशल कामें, ७ मध्यें कारागिरी, ८ मध्यें यंत्रें आणि वाहनें चालविण्याचीं कामें, ९ मध्यें साधीं अंगमेहनतीचीं कामें आणि ० मध्यें सैन्यदलें. पुढच्या प्रत्येक आंकड्याबरोबर समूह अरुंद होत जातो. दहा मोठ्या गटांचे ४३ उपगट होतात, त्यांचे १३० लहान गट आणि त्यांचीं शेवटीं ४३६ कुटुंबें होतात. भारतीय वर्गीकरणानें हेच चार आंकडे घेतले असून टिंबापुढें आणखी चार आंकडे लावून विशिष्ट व्यवसाय निश्चित केला आहे. उदाहरणार्थ, ७४११.०१०० म्हणजे सर्वसाधारण इलेक्ट्रिशियन.

हा क्रमांक पोष्टाच्या पत्त्यासारखा वाचावा. ७ म्हणजे कारागिरीचा प्रांत. ७४ म्हणजे त्यांतील विद्युत् व इलेक्ट्रॉनिक कामांचा जिल्हा. ७४१ म्हणजे विजेचीं साधनें बसविणारे व दुरुस्त करणारे. आणि ७४११ म्हणजे इमारतींतील वीजकाम करणारे. शेजारच्या ७४१२ मध्यें विद्युत् यंत्रांचे फिटर राहतात आणि ७४१३ मध्यें तारा ओढणारे लाइनमन. पण विजेचें काम येथेंच संपत नाहीं. ३११३ या पत्त्यावर विद्युत् शाखेचे तंत्रज्ञ आहेत आणि २१५१ वर विद्युत् अभियंते. म्हणजे ज्या मुलाला विजेच्या कामाची आवड आहे त्याच्यापुढें एकच दार नाहीं. एका वाड्याला वेगवेगळ्या मजल्यांवर पांच दारें आहेत आणि त्या मजल्यांना जोडणारे जिनेहि आहेत. दहावीनंतर औद्योगिक प्रशिक्षण संस्थेंतील इलेक्ट्रिशियनचा अभ्यासक्रम दोन वर्षांचा असतो. तंत्रनिकेतनांतील पदविका तीन वर्षांची असते आणि ती चांगल्या रीतीनें पुरी करणाऱ्याला अभियांत्रिकी पदवीच्या दुसऱ्या वर्षांत थेट प्रवेश मिळविण्याची सोय आहे. बारावीच्या गुणपत्रिकेवर ज्याची वाट अडली, त्याच्यासाठीं दुसरा जिना आहे, ही गोष्ट क्रमांकांच्या त्या रुक्ष तक्त्यांत पाहणाऱ्याला दिसते.

ही कल्पना एका दिवसांत जन्मास आली नाहीं. अमेरिकेंतील बोस्टन शहरांत फ्रँक पार्सन्स या गृहस्थांनीं १९०८ सालीं तरुणांना व्यवसाय निवडण्यास साहाय्य करणारी एक कचेरी उघडली. त्याच वर्षीं त्यांचें निधन झालें आणि त्यांचें पुस्तक १९०९ सालीं त्यांच्या पश्चात् प्रसिद्ध झालें. त्यांचें सांगणें साधें होतें : मनुष्यानें स्वतःला ओळखावें, कामांना ओळखावें आणि मग दोहोंचा विचारपूर्वक मेळ घालावा. यांतील पहिल्या भागासाठीं पुढें मानसशास्त्रज्ञांनीं नाना प्रकारच्या चाचण्या काढल्या. दुसऱ्या भागासाठीं मात्र कामांचाच कोश पाहिजे होता. महामंदीच्या काळांत लक्षावधि बेकारांना कामें मिळवून देण्याची जबाबदारी अमेरिकन सरकारवर आली. १९३३ च्या कायद्यानें तेथील राष्ट्रीय सेवायोजन खातें उभें राहिलें आणि १९३९ सालीं त्या खात्यानें सुमारें १७,५०० कामांच्या व्याख्या असलेला व्यवसायकोश छापला. पुढें अनेक राष्ट्रांच्या याद्या एकमेकींशीं ताडून पाहण्याची गरज भासूं लागली, आणि आंतरराष्ट्रीय मजूर संघटनेचें पहिलें प्रमाणित वर्गीकरण १९५८ सालीं प्रसिद्ध झालें. त्याच्या सुधारलेल्या आवृत्त्या १९६८, १९८८ आणि २००८ या सालच्या आहेत.

आपल्याकडे या विषयाला आणखी एक बाजू आहे, आणि ती कोणत्याहि परदेशी पुस्तकांत सांपडणार नाहीं. सुतार, लोहार, सोनार, शिंपी, कुंभार, परीट हीं मराठी भाषेंत कामांचीं नांवें आहेत, तशींच तीं जातींचींहि आहेत. गांवगाड्यांतील बलुतेदारींत मनुष्य कोणतें काम करणार याचा निर्णय त्याच्या जन्माबरोबरच होऊन जात असे. मग मार्गदर्शनाची गरजच कोठें उरली? डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनीं १९३६ सालीं जातिभेदाच्या निर्मूलनावरील आपल्या प्रसिद्ध निबंधांत दाखवून दिलें कीं, जाति ही कामाची विभागणी नसून काम करणाऱ्यांचीच विभागणी आहे, आणि त्या विभागणींत माणसाची कुवत व आवड यांना स्थान नाहीं. वर्गीकरणाच्या तक्त्यांत सुतारकामाला ७११५ हा क्रमांक आहे. तेथें करवत, रंधा, लाकडाचें ज्ञान आणि मापाची अचूकता यांचा विचार होतो. बापाच्या नांवाचा रकाना तेथें नाहीं. हा फरक लहान दिसतो. परंतु आपल्या समाजापुरतें बोलावयाचें तर तो सर्वांत मोठा आहे.

जन्मानें ठरणारें काम मागें पडूं लागलें तेव्हां त्याची जागा वशिल्यानें घेतली. मुंबईच्या कापडगिरण्यांत नवा कामगार येई तो जॉबरच्या हाताखालून. जॉबर आपल्या गांवचा, नात्याचा, ओळखीचा मनुष्य आंत घेई आणि पुष्कळदां त्याबद्दल पैसेहि घेई. १९३१ सालीं अहवाल सादर करणाऱ्या मजूरविषयक रॉयल कमिशननें या पद्धतीवर कडक टीका केली होती. मागावर कोणाचा हात चांगला चालतो, हें जॉबरला ठाऊक नसे असें नाहीं. पण त्याचें ज्ञान त्याच्या डोक्यांत राही आणि त्याचा लाभ त्याच्या मर्जींतल्यांनाच मिळे. कामाचें वर्णन कागदावर आलें आणि तें सर्वांना वाचतां आलें, तरच मर्जीची जागा नियमाला घेतां येते.

हिंदुस्थानांत ही निकड तीव्रतेनें भासली ती दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरीस. पंचवीस लाखांच्या आसपास गेलेलें सैन्य कमी करावयाचें होतें. घरीं परतणारा शिपाई “मी नाईक होतों” असें सांगे. पण नाईक हा हुद्दा झाला. सिग्नल दलांतील नाईक बिनतारी यंत्र चालवीत असे, दुसरा लष्करी गाड्यांचीं इंजिनें उघडून पुन्हां जुळवीत असे, तिसरा भटारखाना सांभाळीत असे. नागरी जीवनांत या तिघांना तीन वेगळ्या ठिकाणीं पाठवावयास पाहिजे होतें. या कामासाठीं १९४५ च्या जुलैंत पुनर्वसन आणि सेवायोजन यांचें संचालनालय स्थापन होऊन ठिकठिकाणीं एम्प्लॉयमेंट एक्स्चेंज, म्हणजे सेवायोजन कचेऱ्या, निघाल्या. व्हाइसरॉयच्या मंडळांत मजूर खातें त्या वेळीं डॉ. आंबेडकरांकडेच होतें. १९४८ पासून या कचेऱ्या सर्व नागरिकांना खुल्या झाल्या आणि १९५६ च्या नोव्हेंबरांत त्यांचा रोजचा कारभार राज्यांकडे गेला. पुढें भारताचें स्वतःचें राष्ट्रीय व्यवसाय-वर्गीकरण १९५८ सालीं तयार झालें व १९६८, २००४ आणि २०१५ सालीं तें नव्यानें बांधण्यांत आलें.

व्यवसाय निवडतांना या माहितीचा उपयोग कसा करावा, हा आतां मुख्य प्रश्न. पहिली सूचना अशी कीं, मुलाला हुद्द्याची यादी दाखवूं नये. कामाचें वर्णन वाचावयास द्यावें. प्रत्येक व्यवसायाखालीं त्यांत दिवसभर काय करावें लागतें, कोणतीं साधनें हाताळावीं लागतात, कोणाच्या देखरेखीखालीं काम होतें, हें थोडक्यांत दिलेलें असतें. ‘वास्तुविशारद’ या नांवाचें आकर्षण असलेल्या मुलीला त्या वर्णनांत आराखड्यांइतकेच नियम, अंदाजपत्रकें आणि ठेकेदारांशीं होणाऱ्या भेटी वाचावयास मिळतील. तें वाचूनहि तिची ओढ कायम राहिली, तर ती खरी समजावी.

दुसरी सूचना अमेरिकन कोशाच्या १९६५ सालच्या तिसऱ्या आवृत्तींतून घेण्यासारखी आहे. त्या आवृत्तीनें प्रत्येक कामाकडे तीन दृष्टींनीं पाहिलें : त्या कामांत माहितीशीं किती संबंध येतो, माणसांशीं किती येतो आणि वस्तूंशीं किती येतो. या तिन्ही बाबतींत कामाची गुंतागुंत आंकड्यानें दाखविली जाई. तो कोश आतां मागें पडला असून १९९८ पासून त्याच्या जागीं दुसरी संगणकीय व्यवस्था आली आहे; परंतु तीन प्रश्नांची ती युक्ति घरच्या घरीं वापरण्यास आजहि उत्तम आहे. शस्त्रक्रिया करणाऱ्या डॉक्टराच्या कामांत माहिती, माणसें आणि वस्तु या तिन्हींची गुंतागुंत मोठी. संख्याशास्त्रज्ञाच्या कामांत माहितीची मोठी, वस्तूंची अत्यल्प. समुपदेशकाच्या कामांत माणसांची मोठी. घड्याळ दुरुस्त करणाऱ्याच्या कामांत वस्तूंची. मूल सुटींत आपण होऊन कशांत रमतें, हें आईबापांना दुसऱ्या कोणापेक्षां अधिक ठाऊक असतें. पाहुण्यांशीं तासन्‌तास बोलणारी मुलगी आणि बिघडलेला पंखा खोलून बसणारा मुलगा यांना एकाच शिकवणीच्या वर्गांत एकाच परीक्षेसाठीं बसविण्यापूर्वीं हे तीन प्रश्न विचारावेत.

तिसरी सूचना शेजाऱ्यांकडे पाहण्याची आहे. एखादी वाट बंद झाली तर त्याच क्रमांकाच्या आसपास कोणतीं कामें आहेत आणि त्याच विषयाचीं कामें दुसऱ्या गटांत कोठें आहेत, तें शोधावें. रुग्णसेवेची आवड असणाऱ्या मुलीला वैद्यकीय महाविद्यालयांत प्रवेश मिळाला नाहीं, म्हणजे सर्व संपलें असें नाहीं. परिचारिकांचा एक समूह २२२१ या क्रमांकावर उच्च व्यावसायिकांत आहे, दुसरा ३२२१ वर साहाय्यक व्यावसायिकांत आहे, रुग्णालयांतील सेवा-साहाय्यक ५३२१ वर आहेत. शिवाय प्रयोगशाळा, क्ष-किरण, औषधनिर्माण, अंगव्यायामाचे उपचार यांचे स्वतंत्र पत्ते आहेत. प्रौढ माणसालाहि हीच रीत उपयोगी पडते. शिशाचे खिळे जुळविणारा जुळारी घ्या. शिशाचा छापखाना गेला तेव्हां त्याला वाटलें कीं आपली विद्या फुकट गेली. परंतु मुद्रणपूर्व तयारी करणाऱ्या तंत्रज्ञांच्या ७३२१ या समूहांत जुळारी आणि संगणकावर पानें मांडणारा एकाच घरांत राहतात. कारण ओळीची लांबी, अक्षरांमधील अंतर, मुद्रितांतील चुका पाहण्याची नजर हीं दोघांचीं सामाईक आहेत. त्याला नवें शिकावयाचें होतें तें यंत्र; धंदा त्याला येतच होता.

मार्गदर्शनानंतरची पायरी माणूस आणि जागा यांची गांठ घालून देण्याची. सेवायोजन कचेरींत उमेदवार गेला कीं त्याचें कार्ड भरलें जाई, त्यावर व्यवसायाचा क्रमांक पडे आणि तें कार्ड त्या क्रमांकाच्या खणांत जाई. १९५९ सालच्या कायद्यानें सरकारी संस्थांवर, आणि पंचवीस किंवा अधिक नोकर असलेल्या खासगी संस्थांवर, रिकाम्या जागा कळविण्याचें बंधन घातलें. मात्र कचेरीनें पाठविलेल्या उमेदवारालाच नेमलें पाहिजे असें बंधन त्यांत नव्हतें. जागा कळली कीं तिलाहि क्रमांक लागे, त्या क्रमांकाचा खण उघडे आणि त्यांतील नांवें मालकाकडे जात. २०१५ सालीं सुरू झालेल्या राष्ट्रीय करियर सेवेंत खणांची जागा संगणकानें घेतली. पण तत्त्व तेंच राहिलें. दोन वर्णनें एका क्रमांकावर भेटलीं तर गांठ पडते. त्यांपैकीं एक जरी चुकलें तरी दोघेहि एकमेकांची वाट पाहत बसतात.

या व्यवस्थेंतील खरें मर्म येथें आहे. चुकीच्या खणांत पडलेलें कार्ड हरवलेलें नसतें; म्हणून त्याची कोणी तक्रारहि करीत नाहीं. तें जागच्या जागीं व्यवस्थित असतें, फक्त त्या खणाला कोणी हात लावीत नाहीं. उमेदवार मात्र समजतो कीं बाजारांत कामच नाहीं.

चूक दोन्ही बाजूंनीं होते. मालक लिहितो, “एक चलाख क्लार्क पाहिजे.” वर्गीकरणांत सर्वसाधारण कचेरी-कारकून ४११० वर आहे, हिशेबाचा ४३११ वर, पगारपत्रकाचा ४३१३ वर, कोठारांतील मालाचा ४३२१ वर आणि कागदपत्रें लावून ठेवणारा ४४१५ वर. चलाखपणा मात्र कोणत्याच क्रमांकावर नाहीं. मालकाला कोठाराचा हिशेब ठेवणारा पाहिजे असतो, त्याच्यापुढें टंकलेखन जाणणारे पांच पदवीधर उभे राहतात, आणि तो म्हणतो कीं हल्लींच्या मुलांना कांहीं येत नाहीं.

उमेदवाराच्या बाजूची चूक अधिक क्लेशकारक असते. १९६८ च्या भारतीय वर्गीकरणांत ‘एक्स’ नांवाचा एक विभाग होता. ज्यांचा व्यवसाय सांगतां येत नाहीं, त्यांच्यासाठीं तो राखलेला होता. प्रथमच नोकरी शोधणारे, कोणत्याहि कामाचा अनुभव नसलेले लोक त्यांत येत. मॅट्रिक झालेला आणि कला शाखेची पदवी घेतलेला तरुण असे अनेक उमेदवार या विभागांत जाऊन पडत. आईबापांनीं ज्या पदवीसाठीं दागिने मोडले, तिला वर्गीकरणाच्या भाषेंत कामाचें नांव नव्हतें, ही गोष्ट कचेरीच्या दारांत कळे. पदवी ही शिक्षणाची पावती आहे. तिच्या धारकाला काय करतां येतें, तें वेगळें सांगावें लागतें. म्हणून पदवीच्या काळांतच एखादें निश्चित काम शिकून घ्यावें, मग तें भाषांतराचें असो, हिशेबाचें असो, ग्रंथालयाचें असो कीं सर्वेक्षणाचें. सुटींतील दोन महिन्यांच्या प्रत्यक्ष कामानें उमेदवार त्या निनांवी विभागांतून बाहेर येऊं शकतो.

दुसरें उदाहरण गृहिणींचें. समजा, एका बाईनें पंधरा वर्षें घरच्या दुकानाची खातेवही लिहिली, उधारी वसूल केली, मालाची मागणी नोंदविली. तिला अर्ज भरावयास सांगितला तर व्यवसायाच्या रकान्यांत ती ‘कांहीं नाहीं’ असें लिहील, आणि घरांतील मंडळींना त्यांत कांहीं चुकलें असें वाटणारहि नाहीं. वास्तविक तिचें काम ४३११ च्या वर्णनाशीं जवळजवळ शब्दशः जुळतें. तिला पगार मिळाला नाहीं, हुद्दा मिळाला नाहीं. पण काम झालें होतें. ज्या कुटुंबांत अशी आई, मावशी अगर वहिनी आहे, तेथें तिच्या शेजारीं बसून तिनें केलेल्या कामांची यादी कागदावर उतरवून घेणें, हें त्या कुटुंबाचें कर्तव्यच मानावयास पाहिजे. अर्ज लिहिण्याची उत्तम रीतहि हीच. ‘अमुक ठिकाणीं पांच वर्षें नोकरी’ असें न लिहितां, काय केलें, कशानें केलें आणि कोणाच्या देखरेखीखालीं अथवा स्वतःच्या जबाबदारीवर केलें, हीं तीन उत्तरें लिहावींत. असें लिहिलेल्या अर्जाला योग्य क्रमांक लावणें कोणत्याहि कारकुनाला सोपें जातें.

या साधनाच्या मर्यादाहि सांगितल्या पाहिजेत. वर्गीकरणांत पगार दिलेला नसतो, आणि पुढच्या वर्षीं कोठें किती जागा निघतील तेंहि नसतें. त्यासाठीं जाहिराती, उद्योगांची स्थिति आणि त्या त्या धंद्यांतील माणसें यांच्याकडेच जावें लागतें. शिवाय कोश नेहमीं जगाच्या मागून चालतो. भारताच्या १९६८ च्या आणि २००४ च्या वर्गीकरणांमध्यें छत्तीस वर्षांचें अंतर पडलें, आणि नेमक्या त्याच काळांत संगणकानें कचेऱ्यांचें रूप पालटलें. लहान धंद्यांत तर एकच माणूस सकाळीं माल विकतो, दुपारीं बिलें लिहितो आणि सायंकाळीं यंत्र दुरुस्त करतो. त्याचा एक क्रमांक कोणता? अशा वेळीं ज्या कामाला अधिक कौशल्य लागतें त्यावरून क्रमांक ठरवावा, असा आंतरराष्ट्रीय वर्गीकरणाचा संकेत आहे. पण तो सोयीचा संकेत आहे. त्या माणसाचें संपूर्ण वर्णन नव्हे.

सर्वांत महत्त्वाची मर्यादा अशी कीं, क्रमांक कामाचा असतो, माणसाचा नसतो. वर्गीकरणांत कौशल्याच्या चार पातळ्या मानलेल्या आहेत. नवव्या गटाला पहिली आणि दुसऱ्या गटाला चौथी. यावरून नवव्या गटांतील मनुष्य हलका आणि दुसऱ्या गटांतील थोर, असा अर्थ कोणी काढील तर जुन्या जातींच्या जागीं त्यानें आंकड्यांच्या नव्या जाति उभ्या केल्या असें होईल. पातळी एवढेंच सांगते कीं त्या कामांत उतरण्यासाठीं सामान्यतः किती शिक्षण व सराव लागतो. नवव्या गटांतला मनुष्य उद्यां सातव्यांत जाऊं शकतो, सातव्यांतला तिसऱ्यांत; आणि तसा तो जावा म्हणूनच मधले जिने कोठें आहेत, तें दाखविणारा हा तक्ता आहे. मार्गदर्शक जर त्या तक्त्यावर बोट ठेवून “तुझी जागा ही” असें म्हणूं लागला, तर त्यानें तक्ता उलटा धरला आहे असें समजावें.

मुंबईंत व्यवसाय-मार्गदर्शनाची सरकारी कचेरी १९५० सालीं सुरू झाली; त्यापूर्वीं १९४७ मध्यें पारशी पंचायतीनें आपल्या समाजासाठीं असेंच केंद्र चालू केलें होतें. म्हणजे या शहराला ही कल्पना नवी नाहीं. आज राष्ट्रीय वर्गीकरणाचे खंड संगणकावर कोणालाहि विनामूल्य वाचावयास मिळतात. श्रोत्यांपैकीं ज्यांच्या घरीं यंदा कोणी परीक्षेला बसलें आहे, त्यांनीं निकालाची वाट न पाहतां एखाद्या रविवारीं दोन तास काढावेत. मुलाला आवडणारा एक विषय घ्यावा, त्या विषयाचीं कामें कोणकोणत्या गटांत विखुरलेलीं आहेत तें शोधावें, त्यांतील पांच वर्णनें मोठ्यानें वाचावींत, आणि त्यांपैकीं एक काम प्रत्यक्ष करणाऱ्या माणसाला मुलाची भेट घडवून आणावी. निर्णय त्या दिवशीं झाला नाहीं तरी चालेल. घरांतील चर्चा दहा-बारा नांवांच्या कुंपणाबाहेर पडली, तरी त्या दोन तासांचें चीज झालें.